सहा प्रारूपे आणि सुरूच न झालेली पाच वर्षे

प्रति,
मा. सचिव,
केंद्रीय पर्यावरण, वन आणि हवामान बदल मंत्रालय,
इंदिरा पर्यावरण भवन, जोरबाग, नवी दिल्ली.

विषय : पश्चिम घाटातील दगडखाणी, वाळूउपसा व मोठी बांधकामे यांच्या नियमनाची अंतिम अधिसूचना न निघाल्याबद्दल.

महोदय,

३१ जुलै २०२४ रोजी आपल्या मंत्रालयाने पश्चिम घाटातील पर्यावरण-संवेदनशील क्षेत्राविषयी जी प्रारूप अधिसूचना काढली, ती या मालिकेतील सहावी होय. पहिली १० मार्च २०१४ ची. तिच्यावर अंतिम हुकूम न होताच तिची मुदत सरत आली, तेव्हा ४ सप्टेंबर २०१५ ची दुसरी निघाली, आणि तिच्यामागोमाग २७ फेब्रुवारी २०१७, ३ ऑक्टोबर २०१८ व ६ जुलै २०२२ या तारखांच्या अधिसूचना त्याच कारणाने राजपत्रात छापल्या गेल्या. प्रत्येक वेळी हरकतींसाठी साठ दिवस देण्यात आले, प्रत्येक वेळी त्या हरकती दप्तरात दाखल झाल्या, आणि मुदत टळून गेली की बहुतांशी तोच मजकूर नवी तारीख धारण करून पुन्हा जनतेपुढे आला. सहा राज्यांतील ५६,८२५ चौरस किलोमीटर प्रदेशाच्या, आणि त्यांतील महाराष्ट्राच्या वाट्याच्या १७,३४० चौरस किलोमीटरांच्या भवितव्याचा प्रश्न इतका दीर्घ काळ केवळ प्रारूपावस्थेत ठेवणे हे कोणत्या राज्यकारभाराच्या रीतीत बसते, हे आपणच सांगावे.

मला या पत्रात मुख्यतः एकाच गोष्टीचा जाब विचारावयाचा आहे. या सर्व प्रारूपांत एक कलम आहे, ते असे की संवेदनशील क्षेत्रात खाणकाम, दगडखाणी आणि वाळूउपसा यांना संपूर्ण मनाई राहील, आणि आजमितीस चालू असलेल्या खाणी अंतिम अधिसूचनेच्या तारखेपासून पाच वर्षांच्या आत, अथवा त्यांच्या पट्ट्याची मुदत संपताच, या दोहोंपैकी जे आधी घडेल त्यानुसार, टप्प्याटप्प्याने बंद केल्या जातील. आता ज्या तारखेपासून ही पाच वर्षे मोजावयाची, ती तारीखच आजवर उगवलेली नाही. पहिल्या प्रारूपाची ५४५ दिवसांची मुदत सप्टेंबर २०१५ च्या पहिल्या आठवड्यात संपत होती. त्या मुदतीत आपण आपले काम पुरे केले असते, तर खाणमालकांना दिलेली पाच वर्षांची सवड सप्टेंबर २०२० मध्ये संपली असती. आपण ते केले नाही, आणि म्हणून ज्या सवडीला अंत असावयाचा होता ती अंतहीन झाली. खाण बंद करण्याची मुदत मोजणे सुरूच न करणे ही खाण अनिश्चित काळ चालू ठेवण्याचीच एक रीत आहे, आणि ही रीत कोणा खाणमालकाने शोधून काढलेली नसून ती पर्यावरणाचे रक्षण ज्याच्याकडे सोपवले आहे त्या मंत्रालयाने आचरलेली आहे.

मी हे पत्र पोफळीहून लिहीत आहे. कुंभार्ली घाटाच्या पायथ्याशी वसलेल्या या गावाला बांधकामाचा द्वेष करण्याचे कारण नाही, कारण स्वतंत्र भारतातील एका अतिशय मोठ्या बांधकामाच्या सान्निध्यातच आमच्या दोन-तीन पिढ्या वाढल्या. हेळवाकजवळ कोयनेवर १०३ मीटर उंचीचे धरण उभे राहिले, त्याच्या शिवसागर जलाशयाचे पाणी सह्याद्रीच्या पोटातून बोगद्याने पश्चिमेकडे आणले गेले, साडेचारशे मीटरांहून अधिक उंचीवरून ते आमच्या पोफळीच्या भूगर्भातील विद्युतगृहावर कोसळू लागले, आणि १९६२ पासून त्या पाण्याची वीज महाराष्ट्राच्या गिरण्यांना व घरांना मिळू लागली. चौथ्या टप्प्यासाठी १३ मार्च १९९९ रोजी जलाशयाच्या तळाला भगदाड पाडून जे लेक-टॅपिंग झाले, त्याचा अभिमान आम्हांलाही आहे. चारही टप्पे आणि धरणाच्या पायथ्याचे विद्युतगृह मिळून सुमारे १,९६० मेगावॉट क्षमतेचा हा प्रकल्प ज्यांच्या घामावर उभा राहिला, त्यांची मुले व नातवंडे आजही या खोऱ्यात राहतात. तेव्हा विकासाला विरोध करणारे, शहरातून आलेले हौशी निसर्गप्रेमी अशी जी संभावना अशा पत्रांच्या लेखकांची केली जाते, ती येथे लागू पडणार नाही.

परंतु याच प्रकल्पाने आम्हांला दुसरेही एक ज्ञान दिले. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयना परिसराला जो भूकंप झाला, त्यात सुमारे १८० माणसे मृत्युमुखी पडली, धरणाच्या भिंतीच्या काही भागांना तडे गेले, आणि धरण नव्याने बळकट करावे लागले. डोंगराशी केलेला व्यवहार एकतर्फी नसतो. मनुष्याने डोंगरातून जे काढले, जे त्यावर लादले आणि जे त्याच्या पायथ्याशी टाकले, त्या सर्वांची नोंद डोंगर ठेवतो, हे सत्य त्या पहाटेनंतर या खोऱ्यात कोणालाही पुस्तकातून शिकावे लागले नाही. दिल्लीतील एखाद्या कक्षात ज्यास 'गौण खनिज' असे नाव मिळते, तो आमच्या लेखी उभा डोंगर आहे.

या गौण म्हणवल्या जाणाऱ्या वस्तूचे परिमाण काय आहे, हे एकदा स्पष्ट मांडले पाहिजे. एक घनमीटर काँक्रीटचे वजन सुमारे २.४ टन भरते. त्यात एक टनाहून अधिक खडी असते, साधारणपणे पाऊण टनाच्या आतबाहेर वाळू वा क्रशरची कच असते, तीनशे ते चारशे किलो सिमेंट असते, आणि बाकी पाणी. हजार चौरस फुटांच्या एका सामान्य घराची पाच इंची स्लॅब घातली, तर तेवढ्यालाच सुमारे बारा घनमीटर, म्हणजे जवळजवळ २८ टन काँक्रीट लागते. त्यात पाया, खांब, तुळया आणि भिंती धरलेल्या नाहीत. आता आपल्याच १४ सप्टेंबर २००६ च्या अधिसूचनेप्रमाणे पर्यावरणीय परवानगीची अट २०,००० चौरस मीटर बांधकामापासून पुढे लागू होते. या मर्यादेच्या किंचित आत राहणाऱ्या इमारतीच्या केवळ स्लॅबचा हिशेब याच प्रमाणाने केला, तर तो अडीच हजार घनमीटरांवर, म्हणजे सुमारे सहा हजार टनांवर जातो, आणि एवढ्या वजनासाठी पंधरा टनांच्या डंपरच्या चारशे खेपा लागतात. या सहा हजार टनांपैकी निम्म्याच्या आसपास जी खडी, ती कोणत्या डोंगरातून निघाली, तेथे किती सुरुंग उडाले, वरची माती कोठे लोटली, आणि ती माती पहिल्या पावसात कोणत्या ओढ्यात उतरली, यांपैकी एकही प्रश्न ती इमारत बांधणाऱ्यास आपल्या त्या अधिसूचनेखाली विचारला जात नाही. बांधकामाच्या परवानगीचा कागद इमारतीच्या कुंपणापाशी संपतो, आणि बांधकामाचे खरे परिणाम तर त्या कुंपणाच्या बाहेर पन्नास-शंभर किलोमीटरांवर घडतात.

जगाच्या पातळीवर हीच गोष्ट संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाने २०२२ च्या अहवालात नमूद केली आहे : वाळू व खडी मिळून दरवर्षी सुमारे ५० अब्ज टन माल मनुष्यजात पृथ्वीतून उपसते, आणि पाण्याच्या खालोखाल याच पदार्थाचा वापर सर्वांत अधिक होतो. सिमेंटच्या उत्पादनातून जगातील कार्बन डायऑक्साइडच्या उत्सर्जनाचा सात-आठ टक्के भाग येतो, ही गोष्टही आता सर्वमान्य आहे. परंतु हवेत गेलेल्या वायूची चर्चा परिषदांतून होते, त्यासाठी करार होतात, तारखा ठरतात. डोंगरातून गेलेल्या दगडाची चर्चा तालुक्याच्या कचेरीत रॉयल्टीच्या पावतीपुरती होते. ब्रासमागे किती रक्कम सरकारजमा झाली, एवढेच तेथे पाहिले जाते. सुरुंगाने घराच्या भिंतीला तडा गेला, विहिरीचे पाणी आटले, किंवा शेतात धूळ बसून काजूचा मोहोर गेला, अशी फिर्याद घेऊन गेलेल्या माणसाला एक कचेरी दुसरीकडे पाठवते, दुसरी तिसरीकडे, आणि अखेरीस सर्वांचे बोट आपल्या प्रारूपाकडे दाखवले जाते, की अंतिम अधिसूचना निघाल्यावर पाहू. आपल्या दिरंगाईचा असा उपयोग खालपर्यंत होतो, हे आपल्या कानावर घालणे मला आवश्यक वाटते.

२२ जुलै २०२१ या दिवसाचे वर्णन आपणापुढे करण्याची आवश्यकता नाही, कारण तो सर्व देशाने पाहिला. वाशिष्ठी आणि शिव या नद्यांचे पाणी चिपळूण शहराच्या इमारतींच्या पहिल्या मजल्यापर्यंत चढले. त्याच दिवशी महाड तालुक्यातील तळीये येथे दरड कोसळून ऐंशीहून अधिक माणसे गाडली गेली, खेड तालुक्यातील पोसरे येथे सतरा जीव गेले, आणि परशुराम घाटाखाली पेढे येथेही दरडीने बळी घेतले. महाबळेश्वरी त्या चोवीस तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस पडला होता. इतक्या पावसापुढे कोणताही नियम हतबल ठरला असता, असा युक्तिवाद करता येतो, आणि या प्रत्येक दुर्घटनेस दगडखाण कारण होती, असे माझेही म्हणणे नाही. माझे म्हणणे एवढेच की वाशिष्ठीचे पात्र गाळाने भरल्यामुळे तिची पाणी वाहून नेण्याची शक्ती क्षीण झाली आहे, ही गोष्ट पुरानंतर शासनानेच मान्य केली. ते पात्र मोकळे करण्यासाठी चिपळूणच्या नागरिकांना बचाव समिती स्थापून २०२१ च्या डिसेंबरात प्रांत कार्यालयासमोर उपोषणास बसावे लागले, तेव्हा गाळउपशाच्या कामाला गती आली. हा गाळ आकाशातून पडलेला नाही. तो डोंगर उघडा केल्याने, रस्त्यासाठी कापलेल्या कड्यांची माती उतारावर लोटून दिल्याने, सड्यांवरील चिऱ्याच्या खाणींतील भुगा आणि काळ्या दगडाच्या खाणींतील कच वाऱ्यापावसावर सोडल्याने नदीत येतो. सरकार एका हाताने सार्वजनिक पैशाने नदीतील गाळ उपसते, आणि त्याच सरकारचा दुसरा हात डोंगरातून गाळ निर्माण करण्याचे परवाने देतो. या दोन हातांची गाठ घालून देणे हे ज्याचे काम, ते मंत्रालय दहा वर्षांहून अधिक काळ हरकती मागवीत बसले आहे.

तेव्हा सप्टेंबर २०२० ही तारीख मी पुन्हा आपल्यापुढे ठेवतो. आपण पहिल्याच मुदतीत अंतिम हुकूम काढला असता, तर संवेदनशील क्षेत्राच्या यादीतील गावांमधील अखेरची खाण महापुराच्या दहा महिने आधी बंद झाली असती, आणि त्याआधीची पाच वर्षे ती टप्प्याटप्प्याने आवरली जात असती. त्यामुळे पूर टळला असता की नाही, हे कोणी सांगू शकणार नाही. परंतु शासनाने आपले कर्तव्य केले होते, एवढे तरी त्या दिवशी कोणास म्हणता आले असते. आज तेही म्हणता येत नाही.

आपल्या मंत्रालयाला त्वरेने काम करता येत नाही, असेही नाही. आणि येथेच माझी तक्रार आरोपाचे रूप घेते. २८ मार्च २०२० रोजी, देशव्यापी टाळेबंदीच्या चौथ्या दिवशी, जेव्हा या देशातील बहुतेक नागरिक घरांत अडकून पडले होते, तेव्हा आपण एक अधिसूचना काढून रस्ते, नळवाहिन्या यांसारख्या रेषीय प्रकल्पांसाठी लागणारी साधी माती खोदण्यास पर्यावरणीय परवानगीतून मुक्त केले. त्यासाठी प्रारूप निघाले नाही, साठ दिवस दिले गेले नाहीत, हरकती मागवल्या गेल्या नाहीत. किती माती खोदता येईल याची मर्यादा नव्हती, आणि रेषीय प्रकल्प म्हणजे काय याची व्याख्याही नव्हती. राष्ट्रीय हरित लवादाने त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात या सवलतीचा फेरविचार करण्यास आपणास सांगितले. अखेर २१ मार्च २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती सवलत रद्द ठरवली. मधल्या चार वर्षांत या सवलतीखाली देशातील किती टेकड्या रस्त्यांच्या भरावात गेल्या, याचा हिशेब कोणाच्या दप्तरी आहे? पुढे २९ जानेवारी २०२५ रोजी आपण औद्योगिक शेड, शाळा, महाविद्यालये व वसतिगृहे यांच्या मोठ्या बांधकामांना पूर्वपरवानगीतून वगळले; तीही सवलत ५ ऑगस्ट २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाला रद्द करावी लागली. एका बाजूस मातीची ती सवलत, जी एका दिवसात निघाली आणि त्याच दिवसापासून अमलात आली, आणि दुसऱ्या बाजूस संरक्षण, जे सहा प्रारूपांनंतरही अमलात आलेले नाही, या दोहोंतील अंतर हा योगायोग म्हणून मानावयास मी तयार नाही. ज्या कचेरीत बांधकामाला सूट देणारा कागद सरसर पुढे सरकतो आणि डोंगराला आधार देणारा कागद दहा वर्षे थांबून राहतो, त्या कचेरीचा कल कोणत्या बाजूस आहे, हे सांगावयास निराळा पुरावा लागत नाही.

ही प्रवृत्ती नवीनही नाही. डॉ. माधव गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखालील पश्चिम घाट तज्ज्ञ गटाने आपला अहवाल ३१ ऑगस्ट २०११ रोजी आपल्या मंत्रालयाच्या स्वाधीन केला. त्यात घाटाची तीन श्रेणींच्या संवेदनशील विभागांत वाटणी केलेली होती आणि निर्णयाचा अधिकार ग्रामसभांपासून वर नेण्याची सूचना होती. तो अहवाल जनतेसमोर ठेवण्यास मंत्रालय राजी नव्हते. केंद्रीय माहिती आयोगाचा निर्णय झाला, प्रकरण उच्च न्यायालयात गेले, आणि मग २०१२ च्या मे महिन्यात तो उघड झाला. त्यानंतर डॉ. कस्तुरीरंगन यांचा उच्चस्तरीय कार्यगट नेमला गेला, त्याने १५ एप्रिल २०१३ रोजी अहवाल दिला, आणि संरक्षित करावयाचा प्रदेश घाटाच्या सुमारे ३७ टक्क्यांवर आणला. म्हणजे अधिक व्यापक शिफारस बाजूस ठेवून जी कमी शिफारस आपण स्वीकारली, तिचीही बजावणी आपणाकडून झाली नाही.

यावर आपली कोणती उत्तरे येतील, याची मला कल्पना आहे. पहिले उत्तर असे, की १३ नोव्हेंबर २०१३ चे पर्यावरण संरक्षण कायद्याखालील निर्देश लागू आहेतच, आणि त्यांनी नव्या खाणींना व वीस हजार चौरस मीटरांवरील बांधकामांना मनाई केली आहे. हे मला ठाऊक आहे. परंतु ते निर्देश नव्या व विस्तारित प्रकल्पांसाठी आहेत. चालू खाण पाच वर्षांत बंद करण्याचे बंधन अंतिम अधिसूचनेवाचून येत नाही, आणि माझी तक्रार नेमकी त्याच खाणींविषयी आहे. दुसरे उत्तर असे, की राज्य सरकारांची गावे वगळण्याची मागणी आहे. ती आहे, आणि महाराष्ट्राचे शासनही त्या मागणीत सामील आहे, याची लाज आम्हांला वाटते. परंतु केंद्राने केंद्राचा अधिकार वापरू नये, यासाठी राज्याची नाराजी ही सबब होऊ शकत नाही. २०२२ च्या एप्रिलात माजी वनमहासंचालक श्री. संजयकुमार यांच्या अध्यक्षतेखाली राज्यांशी बोलून निवाडा करण्यासाठी जी समिती नेमली, तिला आधी एक वर्षाची मुदत होती, मग ती वाढवली गेली. आता हे वाढवणे कोठे तरी थांबले पाहिजे.

तिसरे उत्तर असे, की लोकांचाच विरोध आहे. हे उत्तर मात्र मी गांभीर्याने घेतो, कारण माझ्या भोवतालच्या गावांतून तो विरोध मी ऐकला आहे. घर दुरुस्त करता येणार नाही, गोठ्यावर पत्रा घालता येणार नाही, जमीन विकता येणार नाही, अशी भीती कोकणातील साध्या शेतकऱ्याच्या मनात घालण्यात आली. वास्तविक आपल्या प्रारूपात राहत्या घरांची दुरुस्ती, वाढ व नूतनीकरण यांवर निर्बंध नाही, आणि मालमत्तेच्या हस्तांतरणासही मनाई नाही. हे वाक्य शेतकऱ्याच्या दारापर्यंत पोहोचविण्याचे काम आपले होते. ते आपण केले नाही. किंबहुना २०२० साली पर्यावरण आघात मूल्यांकनाच्या नव्या प्रारूपाचा अनुवाद भारतीय भाषांत करावा, असा हुकूम दिल्ली उच्च न्यायालयाने ३० जून रोजी दिला, तेव्हा त्या हुकमाविरुद्ध आपण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलात. ज्या मंत्रालयाला आपला कायदा मराठीत, कन्नडात वा मल्याळममध्ये जनतेच्या हाती देण्यापेक्षा त्याविरुद्ध दावा लढणे सोपे वाटते, त्याने मागाहून लोकांच्या गैरसमजाकडे बोट दाखवणे न्याय्य नव्हे. शेतकऱ्याच्या घराच्या आड उभे राहून खाणमालक आपली खाण वाचवीत आहे, आणि आपल्या मौनाने आपण त्याला तो आडोसा उपलब्ध करून दिला आहे.

राहिले चौथे उत्तर, देशाला रस्ते व घरे हवीत, हे. ती आम्हांलाही हवीत. मुंबई–गोवा महामार्गाच्या चौपदरीकरणाची वाट आम्ही दशकाहून अधिक काळ पाहत आहोत. परंतु १६ ऑक्टोबर २०२३ रोजी चिपळूणच्या बहादूरशेख नाक्यावर बांधकाम चालू असलेल्या उड्डाणपुलाचा भाग कोसळला, आणि उभे केलेले काम मोडून पुन्हा करण्याची पाळी आली, तेव्हा त्यात गेलेली खडी, वाळू, सिमेंट व पोलाद यांचा पर्यावरणीय खर्च कोणाच्या खाती पडला? दर्जाहीन बांधकाम हे पर्यावरणाचे दुहेरी नुकसान आहे, कारण त्यासाठी डोंगर दोनदा फोडावा लागतो. २ जुलै २०१९ च्या रात्री आमच्याच तालुक्यात तिवरे येथील धरण फुटून वीसहून अधिक माणसे वाहून गेली. त्या मातीच्या बांधाला गळती असल्याच्या तक्रारी ग्रामस्थांनी आधीच केल्या होत्या. शाश्वत बांधकाम या शब्दांचा पहिला अर्थ टिकणारे बांधकाम हाच असला पाहिजे, आणि तोच आमच्या अनुभवास येत नाही.

शिवाय कमी दगडात, कमी सिमेंटात बांधण्याची विद्या या देशास अपरिचित नाही. कोकणातील जांभ्याचा चिरा भाजावा लागत नाही, जवळच मिळतो, आणि नीट छपराखाली राहिला तर पिढ्यान्पिढ्या टिकतो. परंतु तो यंत्राने अमर्याद कापून ट्रकांनी दूरदेशी धाडावयाचा असेल, तर ज्या सड्यांवर पावसाचे पाणी मुरते आणि जेथील कातळशिल्पे २०२२ साली जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत गेली, ते सडेच नाहीसे होतील. बोगद्यांतून व घाटकापणीतून निघणारा कठीण बेसाल्ट दरीत लोटण्याऐवजी तेथेच क्रशरला घालून त्याच कामाच्या काँक्रीटात वापरता येतो. पाडकामाच्या मलब्यासाठी २०१६ चे नियम होते, ४ एप्रिल २०२५ रोजी आपण नवे नियमही केले. ते कागदावर चांगले आहेत. परंतु जोवर डोंगरातील ताजी खडी मलब्यातून काढलेल्या खडीपेक्षा स्वस्त राहील, तोवर हे नियम पाळण्यात कोणासही स्वारस्य असणार नाही, आणि ती स्वस्त राहते याचे कारण हे, की डोंगराची किंमत तिच्यात धरलेलीच नसते. पाच वर्षांत खाणी बंद होणार, असा निश्चित हुकूम निघताच मलब्याला, राखेला, पर्यायी मालाला बाजार मिळेल. म्हणजे बांधकाम उद्योगाला सुधारण्याची जी एकमेव खरी प्रेरणा आहे, तीही आपण अडवून ठेवलेल्या त्या एका तारखेतच आहे.

आणखी एक न्याय आपणास करावयाचा आहे. संवेदनशील क्षेत्राची यादी गावनिहाय केलेली आहे, कारण ज्या गावाच्या क्षेत्राचा वीस टक्के वा अधिक भाग नैसर्गिक संपदेचा, ते गाव यादीत, असा निकष होता. परंतु डोंगरावरून येणारे पाणी गावाची शीव ओळखत नाही. कुंभार्लीच्या माथ्यापासून दाभोळच्या खाडीपर्यंत वाशिष्ठीचे खोरे एकच आहे. वरच्या अंगाला पाच हेक्टरांच्या आतल्या तुकड्यातुकड्यांनी खाणींचे पट्टे दिले, तर त्या प्रत्येकाचा आघात क्षुल्लक ठरतो, आणि सर्वांचा मिळून आघात खालच्या शहराला सोसावा लागतो. मोठ्या क्षेत्राचे असे छोटे तुकडे पाडून परवानगी चुकविण्याच्या प्रकारावर सर्वोच्च न्यायालयाने २७ फेब्रुवारी २०१२ रोजीच ताशेरे ओढले होते. त्यात भर म्हणजे, कृष्णा पाणीतंटा लवादाने घालून दिलेल्या ६७.५ अब्ज घनफुटांच्या वार्षिक मर्यादेत कोयनेचे जे पाणी वापरले जाते, तेही वीज निर्माण करून अखेर याच वाशिष्ठीत उतरते. एवढे पाणी जिच्या अंगावर आपण घातले आहे, त्या नदीच्या पात्रात गाळ येऊ न देण्याची जबाबदारी इतर कोणत्याही नदीच्या बाबतीत असेल त्याहून येथे अधिक आहे.

सबब माझ्या मागण्या पुढीलप्रमाणे आहेत. पहिली, की अंतिम अधिसूचनेची तारीख आपण जाहीर करावी, आणि सातवे प्रारूप काढू नये. दुसरी, आणि हीच सर्वांत महत्त्वाची, की चालू खाणी बंद करण्याची पाच वर्षे अंतिम अधिसूचनेपासून न मोजता १० मार्च २०१४ पासून मोजावीत; कारण त्या दिवसापासून प्रत्येक खाणमालकास आपली खाण बंद होणार हे राजपत्राने कळविलेले आहे, आणि ज्याला एवढी वर्षे आगाऊ सूचना मिळाली त्याला आणखी पाच वर्षे देणे हे दिरंगाईचे बक्षीस ठरेल. तिसरी, की यादीतील गाव असो वा नसो, घाटातील प्रत्येक नदीखोऱ्यातील सर्व खाणींच्या एकत्रित आघाताचे मूल्यमापन करूनच पट्टा द्यावा वा वाढवावा. चौथी, की सरकारी पैशाने होणाऱ्या प्रत्येक रस्त्याच्या, पुलाच्या व बोगद्याच्या निविदेत दगड-वाळूचे उगमस्थान आणि निघालेल्या मातीची विल्हेवाट लिहून द्यावी, आणि ती माहिती त्या ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावी. पाचवी, की सहाही प्रारूपांवर आलेल्या हरकती व त्यांवरील आपले निर्णय मराठीसह सहा राज्यांच्या भाषांत प्रसिद्ध करावेत.

३० जुलै २०१४ रोजी माळीण गाव दरडीखाली गेले, तेव्हा आपले पहिले प्रारूप साडेचार महिन्यांचे होते. बरोबर दहा वर्षांनी, ३० जुलै २०२४ रोजी, वायनाडमध्ये मुंडक्कई व चूरलमला ही गावे दरडीखाली गेली, आणि दुसऱ्या दिवशी आपण सहावे प्रारूप काढले. प्रेते उचलली जात असताना प्रारूपे काढण्याची ही परंपरा आपण मोडावी, एवढेच मागणे आहे. अंतिम अधिसूचनेची तारीख काय, आणि पाच वर्षांची गणना कोणत्या दिवसापासून, या दोन प्रश्नांची उत्तरे आपल्या सहीनिशी, लेखी व मराठीत मिळावीत. ती येत्या पावसाळ्यापूर्वी मिळाली नाहीत, तर डोंगर फोडण्यास आपली संमती आहे, असाच त्याचा अर्थ या खोऱ्यातील आम्ही सर्व जण करू, आणि तसे आपणास न्यायालयात व ग्रामसभेत, दोन्हीकडे, सांगू.

आपला,
पोफळी (ता. चिपळूण, जि. रत्नागिरी) येथील एक रहिवासी